जुनी फीत: उजळवावी की डागांसकट दाखवावी?

जुन्या चित्रफितींतून नवा सिनेमा घडवण्याच्या या दोन वाटा अगदी विरुद्ध टोकांच्या आहेत. दिग्दर्शक पीटर जॅक्सन यांनी ‘दे शॅल नॉट ग्रो ओल्ड’साठी (2018) ब्रिटनच्या इम्पीरियल वॉर म्युझियम्सकडची पहिल्या महायुद्धाची दृश्यं घेतली, त्यांची गती सुधारली, रंग भरले. ओठ वाचणाऱ्या जाणकारांकडून मूक सैनिकांचे शब्दही शोधून काढले. खंदकातलं कोवळं पोर एकदम आपल्या शेजारचं वाटू लागतं. पण तो रंग म्हणजे आजच्या माणसाने बांधलेला अंदाज आहे, हे पाहताना विसरायला होतं.

दिग्दर्शक बिल मॉरिसन यांच्या ‘डिकेझिया’त (2002) दुरुस्ती नाहीच. नायट्रेटची फीत, म्हणजे जुन्या काळची चटकन पेट घेणारी फिल्म, कुजते; तिच्यावरचं चित्र विरघळतं; तो नाशच इथे चित्रभाषा होतो. मायकल गॉर्डन यांच्या अस्वस्थ संगीतावर एक मुष्टियोद्धा ठोसे मारत राहतो, आणि समोर प्रतिस्पर्ध्याऐवजी सडलेल्या फितीचा थरथरता स्तंभ असतो. माझं मन इथेच अडकतं. 2003 मध्ये पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फिती जळाल्या. ते आठवलं की हा ठोसा आणखी जोरात लागतो. त्या जळालेल्यांतली तर डाग पडलेली फीतही उरली नाही.