मधोमध ठेवून विकलेली लेझर लेव्हल: फसवणुकीचा एक अनुभव

लेझर लेव्हल (भिंतीवर प्रकाशाची रेघ टाकून पातळी दाखवणारे यंत्र) विकणारा दुकानदार ती दुकानाच्या मधोमध उभी करून समोरासमोरच्या दोन भिंतींवरच्या खुणा जुळवून दाखवत असेल, तर त्या प्रात्यक्षिकावर कृपया विसंबू नये. याच पद्धतीने छत्रपती संभाजीनगरातील हार्डवेअरच्या एका दुकानात मला आपटून बिघडलेले यंत्र नवे म्हणून पूर्ण किमतीला विकण्यात आले आणि परभणीच्या आमच्या घरात स्वयंपाकघराच्या भिंतीला लावलेल्या टाइल्स फोडून काढाव्या लागल्या. आपल्या भागात आता गवंडी, सुतार, पीओपीचे कारागीर आणि घरची कामे हौसेने स्वतः करणारी माणसेही हे यंत्र घेऊ लागली आहेत. त्यांपैकी कोणाचेही कष्टाचे पैसे असे जाऊ नयेत, एवढ्यासाठी हे सविस्तर लिहीत आहे.

आमचे घर काळ्या मातीवर उभे आहे. ही माती पावसाळ्यात पाणी धरून फुगते, उन्हाळ्यात आकसून भेगाळते आणि पाया पुरेसा खोल नसेल तर घरही तिच्याबरोबर थोडे थोडे हलत राहते. त्यामुळे जुन्या घरांतली जमीन एखाद्या कोपऱ्यात खचलेली असते आणि जमिनीपासून टेपने उंची मोजून ओट्याची किंवा टाइल्सची रेघ आखली, तर जमिनीचा उतार जसाच्या तसा भिंतीवर चढतो. क्रॉसलाइन लेझर लेव्हल अशा वेळी खरोखर उपयोगी पडते, कारण ती जमिनीवर अवलंबून न राहता भिंतीवर एक आडवी आणि एक उभी रेघ टाकते. तिच्या आत एक लंबक टांगलेला असतो आणि त्याचे हेलकावे चुंबकाने थांबवलेले असतात. यंत्र तीन-चार अंशांपर्यंत कलते ठेवले तरी लंबक सरळ राहतो आणि रेघ पाणसळीत, म्हणजे अगदी समपातळीत पडते, त्याहून जास्त कलले तर रेघ लुकलुकू लागते. चांगल्या यंत्रावर दहा मीटरला तीन मिलिमीटर, म्हणजे मीटरमागे ०.३ मिलिमीटर एवढीच चूक संभवते, असे छापलेले असते. माझ्या खोक्यावरही तसेच छापले होते.

दुकानदाराने यंत्र ट्रायपॉडवर लावले, हिरवी रेघ भिंतीवर टाकली आणि ती लाल रेघेपेक्षा किती ठळक दिसते ते दाखवले. ती ठळक दिसते हे खरे आहे, कारण माणसाचा डोळा ५५५ नॅनोमीटरच्या आसपासच्या हिरव्या प्रकाशाला सर्वाधिक संवेदनशील असतो आणि लाल लेझरचा प्रकाश ६३५ ते ६५० नॅनोमीटरच्या पट्ट्यात, त्यापासून बराच दूर असतो. मात्र रेघ ठळक असण्याचा आणि ती पाणसळीत असण्याचा परस्परांशी काहीही संबंध नाही. मग त्याने यंत्र हाताने कलते करून रेघ लुकलुकते हे दाखवले. त्यातून लंबक हलतो एवढेच कळते, तो नेमका उभा टांगलेला आहे की नाही हे कळत नाही. शेवटी त्याने यंत्र दुकानाच्या बरोबर मध्यावर ठेवून एका भिंतीवर खूण केली, यंत्र फिरवून समोरच्या भिंतीवर दुसरी खूण केली आणि गवंड्यांची पाण्याची नळी (जिच्या दोन्ही टोकांना पाणी एकाच पातळीत राहते) आणवून दोन्ही खुणा एकाच पातळीत असल्याचे माझ्यासमोर पडताळून दाखवले.

सारी लबाडी या शेवटच्या कृतीत होती. लंबक बिघडलेल्या यंत्राची रेघ सरळ न जाता ठरावीक कोनात वर किंवा खाली जात असते आणि यंत्र फिरवले तरी हा कोन बदलत नाही. दोन्ही भिंती यंत्रापासून सारख्याच अंतरावर असतील, तर रेघ दोन्हीकडे सारखीच वर चढते आणि दोन्ही खुणा एकमेकींशी तंतोतंत जुळतात. भूमापन करणारी माणसे मागचे आणि पुढचे अंतर सारखे ठेवतात ते याच कारणाने, की उपकरणातला दोष दोन्ही वाचनांत सारखा येऊन वजाबाकीत निघून जावा. तीच विद्या या दुकानदाराने दोष झाकण्यासाठी वापरली. नळीतले पाणी खरे होते, खुणाही खऱ्या होत्या, फक्त त्या खुणांमधून यंत्राची परीक्षा होतच नव्हती.

घरी यंत्र मधोमध ठेवणे शक्य नव्हते, कारण तिथे टाइल्सची खोकी आणि कामाचे सामान होते. ट्रायपॉड एका भिंतीपासून अर्ध्या मीटरवर आणि समोरच्या भिंतीपासून चार मीटरवर उभा राहिला. दोन्ही भिंतींना त्या रेघेवर टाइल्स लागल्या आणि मधल्या भिंतीचे काम सुरू झाले, तेव्हा दोन्हीकडून आलेल्या ओळी एकमेकींना मिळेनात. आमचे मिस्त्री वयाने मोठे आणि कामात पक्के आहेत. त्यांनी काम थांबवून पिशवीतली नळी काढली, तिच्यातले बुडबुडे घालवून पाणी धरले आणि मला हाक मारली, "गुरुजी, यंत्राची रेघ अन् नळीतलं पाणी जुळंना झालंय." लांबच्या भिंतीवरची ओळ सात मिलिमीटर वर होती.

त्यानंतर आम्ही जी चाचणी केली, ती प्रत्येकाने विकत घेण्यापूर्वी दुकानातच करावी. समोरासमोरच्या दोन भिंती निवडाव्यात. यंत्र पहिल्या भिंतीच्या अगदी जवळ ठेवून तिच्यावर आडव्या रेघेची खूण करावी, मग यंत्र फिरवून दुसऱ्या भिंतीवर खूण करावी. आता यंत्र उचलून दुसऱ्या भिंतीच्या अगदी जवळ न्यावे आणि रेघ तिथल्या खुणेवर बरोबर बसेल अशी ट्रायपॉडची उंची करावी. तिथून पहिल्या भिंतीकडे फिरवल्यावर रेघ आधीच्या खुणेवर पडली पाहिजे. यंत्रात दोष असेल तर तो जाताना आणि येताना असा दोनदा मोजला जातो, म्हणून लहान दोषही लपत नाही. आमच्या भिंतींमधले अंतर साडेचार मीटर, म्हणजे दुहेरी नऊ मीटर होते आणि तेवढ्या अंतरावर छापील अचूकतेनुसार जास्तीत जास्त २.७ मिलिमीटरचा फरक चालला असता. आमच्या दोन खुणांमध्ये १८ मिलिमीटरचे अंतर पडले. उभी रेघ तपासायला ओळंबा पुरतो, वारा नसलेल्या जागी तो टांगून रेघ त्याच्या दोरीशी जुळवून पाहावी.

यंत्र घेऊन मी दुकानात गेलो तेव्हा दुकानदाराने प्रथम मराठवाड्याच्या उन्हाला दोष दिला. तापलेल्या गाडीत किंवा पत्र्याच्या खोलीत ठेवलेले यंत्र लगेच वापरले तर वाचनात फरक पडू शकतो, हे मान्य आहे. पण आमचे काम ऐन हिवाळ्यात, घराच्या आत चालले होते. वर सांगितलेली चाचणी तुमच्याच दुकानात करू या, असे मी म्हणताच त्याने नकार दिला आणि हे यंत्र आमच्याकडचे नव्हेच, असे तो सांगू लागला. बिल पक्के होते, तरी त्यावर त्याने फक्त "लेव्हल मशीन" असे लिहून अनुक्रमांक गाळला होता. त्या गाळण्याचा हेतू मला त्या क्षणी समजला. सोबत दिलेल्या कॅलिब्रेशन प्रमाणपत्रावर (यंत्राची अचूकता तपासल्याच्या दाखल्यावर) अनुक्रमांक होता, पण तो यंत्रावरच्या क्रमांकाशी जुळत नव्हता आणि यंत्रावरच्या क्रमांकाचा स्टिकर कडेने उचलला तेव्हा खाली चिकटवलेला तडा निघाला. कोणाच्या तरी हातून पडलेले, परत आलेले यंत्र नव्या खोक्यात घालून मला देण्यात आले होते, याविषयी माझ्या मनात शंका उरली नाही.

प्रमाणपत्राबद्दल थोडे अधिक सांगणे आवश्यक आहे, कारण ठसठशीत शिक्का पाहून माणूस निश्चिंत होतो. खऱ्या कॅलिब्रेशन प्रमाणपत्रावर प्रयोगशाळेचे नाव, तपासणीची तारीख, त्याच उपकरणाचा अनुक्रमांक, प्रत्यक्ष मोजलेले आकडे आणि त्या मोजणीतील अनिश्चितता दिलेली असते. नुसते "तपासले, योग्य आहे" असे लिहिलेल्या कागदाला अर्थ नाही. प्रयोगशाळेला एनएबीएल या प्रयोगशाळांना मान्यता देणाऱ्या संस्थेची मान्यता असल्यास ती त्या संस्थेच्या संकेतस्थळावर पडताळता येते. खोक्यावर आयातदाराचे नाव व पत्ता, कोणत्या देशात बनले, महिना-वर्ष आणि कमाल किंमत असणे वेष्टित वस्तूंच्या २०११ च्या नियमांनुसार बंधनकारक आहे. माझ्या खोक्यावर महिना-वर्षाची जागा खरवडलेली होती. लेझरच्या वर्गाची, म्हणजे त्याचा किरण डोळ्याला कितपत धोक्याचा आहे हे सांगणारी पट्टीही यंत्रावर नव्हती आणि याचा मला विशेष राग आहे, कारण घरात लहान नात आहे. घरकामाच्या लेझर लेव्हल सहसा दुसऱ्या वर्गातल्या असतात, त्यांची शक्ती एक मिलिवॉटच्या आत असते आणि डोळा आपोआप मिटण्याच्या वेळात इजा होत नाही. पट्टीच नसेल तर आतून किती शक्तीचा किरण बाहेर पडतो आहे, हे कळायला मार्ग नाही.

मी प्रथम राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवली. दुकानदाराने तिला दाद दिली नाही, म्हणून आता जिल्हा ग्राहक आयोगाकडे गेलो आहे. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ नुसार ग्राहक जिथे राहतो तिथल्या आयोगाकडे दाद मागता येते, त्यामुळे माझी तक्रार परभणीतच दाखल झाली असून मोठ्या शहरात खरेदी केलेल्या आपल्या तालुक्या-गावांतल्या लोकांना या तरतुदीचा फार आधार आहे. वस्तूची किंमत पाच लाखांच्या आत असेल तर शुल्क लागत नाही, मात्र तक्रार दोन वर्षांच्या आत करावी लागते. मी बिल, प्रमाणपत्र, खरवडलेल्या खोक्याची व स्टिकरखालच्या तड्याची छायाचित्रे आणि दोन भिंतींच्या चाचणीचे, टेप शेजारी धरून केलेले सलग चित्रीकरण सोबत जोडले आहे. यंत्र कोणालाही उघडू दिलेले नाही, ते जसे होते तसे आयोगासमोर ठेवायचे आहे.