धुऱ्याचे भांडण आणि नॉर्मन मॅक्लॅरेन

नॅशनल फिल्म बोर्ड ऑफ कॅनडा या सरकारी संस्थेच्या संकेतस्थळावर नॉर्मन मॅक्लॅरेन यांचे लघुपट विनामूल्य पाहता येतात. यवतमाळ जिल्ह्यातल्या ज्या गावात मी चित्रकला शिकवतो, तेथे मोबाइलची रेंज शाळेच्या गच्चीवर चढल्याशिवाय धड मिळत नाही. तरीही या सेवेवर माझे गेले काही महिने उत्तम निभावले आहे, कारण हे बहुतेक लघुपट दहा मिनिटांच्या आतले आहेत आणि त्यांत संवाद जवळजवळ नाहीतच. संकेतस्थळावरील माहिती इंग्रजी आणि फ्रेंचमध्ये असली, तरी मुलांना त्यामुळे काहीच अडत नाही.

मॅक्लॅरेन यांचा जन्म 1914 सालचा, स्कॉटलंडमधील स्टर्लिंगचा. ग्लासगोच्या कलाशाळेत शिकताना त्यांनी जुन्या फिल्मवरील चित्रे धुऊन काढली आणि त्या कोऱ्या पट्टीवर थेट रंगकाम केले. 1941 मध्ये ते कॅनडाच्या या बोर्डात रुजू झाले आणि पुढची कारकीर्द तेथेच घडली.

शनिवारी सकाळच्या शाळेत आम्ही प्रथम 1952 चा ‘नेबर्स’ पाहिला. दोन शेजाऱ्यांच्या मधोमध एक फूल उमलते, ते कोणाच्या हद्दीत यावरून कुंपण उभे राहते आणि दोघेही एकमेकांना मारून संपतात. कपाशीच्या वावरात धुरा, म्हणजे शेताचा बांध, कोरल्यावरून भावाभावांत कोर्टकचेरी झालेली पाहणाऱ्या मुलांना वेगळे समजावण्याची गरजच पडली नाही, मागच्या बाकावरून आवाज आला, “सर, हे तं आपल्या धुऱ्याचंच भांडण होय!” जिवंत माणसांना बाहुल्यांप्रमाणे एकेका फ्रेमने हलवण्याची युक्ती येथे आहे. माणूस प्रत्येक वेळी उडी मारतो, तो हवेत असतानाच फ्रेम टिपली जाते, म्हणून तो गवतावरून तरंगत गेल्यासारखा दिसतो. या लघुपटाला ऑस्कर मिळाले ते माहितीपटाच्या विभागात, याचे मला अजूनही नवल वाटते.

1955 चा ‘ब्लिंकिटी ब्लँक’ मात्र मला त्याहूनही सरस वाटतो. काळ्या फिल्मवर टोकदार हत्याराने ओरखडे काढून तो तयार केलेला आहे, आणि मधल्या कित्येक फ्रेम मुद्दाम काळ्याच सोडल्यामुळे चित्र डोळ्यांत क्षणभर रेंगाळते. ‘अ चेअरी टेल’मध्ये पंडित रविशंकर यांची सतार ऐकू येते, तेव्हा मुले एकदम सावरून बसली. एव्हलिन लॅम्बर्ट यांचे नाव मात्र आवर्जून सांगावे लागते, कारण ‘बिगॉन डल केअर’सारख्या कामात त्या बरोबरीच्या भागीदार असूनही लोक एकट्या मॅक्लॅरेन यांचेच नाव घेतात.

1968 चा ‘पा द दो’ मोबाइलवर पाहू नये. काळ्या पार्श्वभूमीवर नर्तकीच्या एकाच हालचालीच्या अनेक प्रतिमा पंख्यासारख्या उलगडतात आणि लहान पडद्यावर त्या नुसता पांढरा धूर होऊन जातात. प्रोजेक्टर मिळेपर्यंत थांबणेच बरे.

मग ‘ब्लिंकिटी ब्लँक’सारखे ओरखडे काढून पाहण्यासाठी आम्ही घराघरांतून जुने एक्स-रे गोळा केले. करकटकाच्या टोकाने फासळ्यांच्या बाजूच्या काळ्या भागावर एका मुलीने बगळा कोरला, खिडकीशी धरला आणि विचारले की तो उडायला किती चित्रे लागतील. सेकंदाला 24 म्हटल्यावर तिने फळ्यावर गुणाकार करून मिनिटाची 1440 काढली आणि खडू ठेवत म्हणाली, “सर, एवढे एक्स-रे तं गावात नाहीत.”