आईसोबत अजब बंगल्यात

सिव्हिल लाइन्समधलं मध्यवर्ती संग्रहालय १८६३ सालचं, पण नागपूरकरांसाठी तो अजब बंगलाच. रविवारी आईला घेऊन गेले. पेंढा भरलेले प्राणी, शिल्पं, शस्त्रं सगळं पाहिलं, पण मी अडकले ते गुंगेरिया गावच्या तांब्याच्या प्राचीन हत्यारांपाशी. १८७० मध्ये मध्य प्रदेशातल्या बालाघाटच्या त्या गावात तांब्याची ४२४ हत्यारं आणि चांदीचे १०२ पत्रे सापडले. त्यातला काही वाटा नागपूरला आला. चपट्या कुऱ्हाडी, पसरट धार, कसलं नक्षीकाम नाही. आई काचेला नाक लावून म्हणाली, “अगं, आपल्या विळ्यासारखीच झिजलीय की ही!” त्या एका काचेसमोर आम्ही वीस मिनिटं होतो. घाईत जाऊ नका, अर्धा दिवस काढा. आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसांना नक्की न्या.