घोटा, गुल्फ की अँकल? रुग्णांसाठी मराठीत लिहिताना कोणता शब्द घ्यावा

हॉस्पिटलचं सूचनापत्रक मराठीत करायचं असेल, फिजिओथेरपीच्या व्यायामांचा व्हिडिओ लिहायचा असेल, आरोग्यसेविकांच्या प्रशिक्षणाची पुस्तिका तयार करायची असेल किंवा योगवर्गाचे टिपण काढायचे असेल, पायाच्या या सांध्यापाशी आलं की लिहिणारा थांबतोच. घोटा लिहावं की गुल्फ? की सरळ अँकल? डॉक्टरांच्या कागदावरचा मॅलिओलस (घोट्याच्या उंचवट्याची वैद्यकीय संज्ञा) तसाच ठेवावा का? माझं मत आधीच सांगते: रुग्णाच्या हातात जाणाऱ्या कागदावर घोटा हाच शब्द हवा. पण तो नुसता ठेवून दिला तर काम होत नाही, कारण घोटा म्हणजे नेमकं काय दाखवायचं हे लिहिणाऱ्याने आधी ठरवलेलं असावं लागतं.

घोटा

कोणालाही 'तुझा घोटा दाखव' म्हणा. बोट जातं ते पायाच्या बाहेरच्या बाजूला वर आलेल्या हाडावर, किंवा आतल्या बाजूच्या तशाच उंचवट्यावर. एका पायाला असे दोन घोटे. आपण 'घोट्याइतक्या पाण्यात' म्हणतो तेव्हा मोजमाप या उंचवट्यांचंच असतं. 'घोट्यावर पैंजण घासतंय' म्हटलं तरी तेच. म्हणजे बोलीतला घोटा हा मुळात हाडाचा उंचवटा आहे, सांधा नंतर. इंग्रजी शब्दाची गोष्ट वेगळी: तो मुख्यतः सांध्याचा आणि त्याभोवतीच्या सगळ्या भागाचा शब्द आहे. हा फरक लक्षात न घेता इंग्रजी पत्रकातल्या प्रत्येक 'अँकल'च्या जागी 'घोटा' बसवला की वाक्यं बिघडतात.

याचं रोजचं उदाहरण म्हणजे शस्त्रक्रियेनंतर पायात रक्ताच्या गाठी होऊ नयेत म्हणून पडल्यापडल्या करायचा व्यायाम. पत्रकात छापलेलं असतं, 'घोटा वर-खाली हलवा.' वाचणारी आजी बुचकळ्यात पडते, कारण तिच्या लेखी घोटा हे हाड आहे आणि हाड कसं हलवायचं? मग ती सगळा पाय उचलते. टाके असलेल्या माणसाकडून नेमकं तेच व्हायला नको असतं. त्याऐवजी असं लिहावं: 'पाय गादीवरच राहू द्या. पावलाचा पुढचा भाग आपल्याकडे ओढा, मग पुढे ढकला.' इथे घोटा हा शब्दच लागत नाही. लागलाच तर 'पाऊल घोट्यातून वर-खाली करा' हे कळतं. 'घोटा गोल फिरवा' हेही तसंच. फिरतं ते पाऊल.

सांध्याबद्दल बोलायचं असेल तर 'घोट्याचा सांधा' लिहावं. नडगीचं मोठं हाड, त्याच्या बाहेरच्या बाजूचं बारीक हाड आणि त्या दोघांच्या खोबणीत बसलेलं पावलाचं वरचं हाड, असा हा तिघांचा सांधा. आतला घोटा म्हणजे मोठ्या हाडाचं खालचं टोक, बाहेरचा घोटा म्हणजे बारीक हाडाचं. बाहेरचा घोटा आतल्यापेक्षा थोडा खाली उतरलेला आणि जरा मागे असतो. स्वतःच्या पायावर दोन्हीकडे बोटं ठेवून पाहिलं तर लगेच जाणवतं.

उंचवटा सांगायचा असेल तर 'बाहेरचा घोटा' आणि 'आतला घोटा'. माझ्या मते मराठीचं खरं सामर्थ्य इथे दिसतं, कारण डॉक्टर ज्याला लॅटरल आणि मीडियल मॅलिओलस म्हणतात त्यासाठी आपल्याकडे आधीपासून बिनचूक शब्द आहेत. हे दोन घोटे वेगळे सांगता येणं वैद्यकीय कामासाठी फार महत्त्वाचं आहे. पाय मुरगळल्यावर एक्स-रे लागेल का हे ठरवण्यासाठी 1992 साली कॅनडातल्या ओटावा इथल्या डॉक्टरांनी काही नियम मांडले, ते आज जगभर वापरले जातात. घोट्यापाशी दुखत असेल, आणि दोन्हीपैकी कुठल्याही घोट्याच्या टोकावर किंवा तिथून वर 6 सेंमीपर्यंत हाडाच्या मागच्या कडेवर दाबल्यावर दुखलं, किंवा दुखापतीनंतर लगेच आणि तपासणीच्या वेळीही चार पावलं टाकता आली नाहीत, तर एक्स-रे काढावा. पावलाच्या मधल्या भागासाठी वेगळ्या जागा दिल्या आहेत: करंगळीच्या रेषेतल्या लांब हाडाचं बूड आणि आतल्या बाजूचं एक लहान हाड. आता बघा, फोनवर रुग्ण 'घोट्यात दुखतंय' एवढंच म्हणाला तर यातलं काहीच ठरत नाही. 'बाहेरच्या घोट्याच्या मागच्या बाजूला, हाडावर दाबलं की दुखतं' हे वाक्य मात्र डॉक्टरांच्या थेट उपयोगाचं आहे. पत्रकाने हे वाक्य लोकांच्या तोंडी दिलं पाहिजे.

एक गोष्ट मात्र ध्यानात ठेवावी. घोटा मुरगळला असं लोक फारसं म्हणत नाहीत. 'पाय मुरगळला', 'पाय लचकला' असं म्हणतात. बहुतेक वेळा पाऊल आत वळतं आणि बाहेरच्या घोट्याच्या पुढचा-खालचा अस्थिबंध (हाडांना जोडणारा पट्टा, लिगामेंट) ताणला जातो किंवा फाटतो, पण तोंडी येतो तो पायच. आणि मराठीत पाय तर कमरेखालपासून बोटांपर्यंत. म्हणून शीर्षकात 'पाय मुरगळल्यास काय करावे' ठेवावं, म्हणजे माणूस कागद वाचायला घेईल, आणि आतल्या मजकुरात घोटा आणावा. शीर्षकातच 'घोट्याच्या अस्थिबंधाची इजा' लिहिलंत तर ज्याचा पाय सुजलाय त्याला तो कागद आपल्यासाठी आहे असं वाटणार नाही.

शेजारच्या भाषांचा खड्डा

घोट्याची एक खरी अडचण आहे आणि मुंबई-पुणे-नागपूरच्या ओपीडीत ती रोजची आहे. हिंदीत घुटना म्हणजे गुडघा. गुजरातीत घूंटण म्हणजे गुडघा, पण घूंटी म्हणजे घोटा. शब्द एकाच घराण्यातले, जागा वेगळ्या. मराठी माणूस हिंदी बोलणाऱ्या डॉक्टरांना किंवा नर्सला समजावं म्हणून 'घुटने में' म्हणतो, आणि तपासणी गुडघ्याची सुरू होते. उलट दिशेनेही हे घडतं: हिंदी पत्रकाचं घाईत मराठी करताना 'घुटना'चा 'घोटा' होतो. आवाज इतका जवळचा की तपासणाऱ्याच्याही नजरेतून सुटतो. गुडघा बदलण्याच्या शस्त्रक्रियेच्या पत्रकात घोटा आला तर त्याचे परिणाम काय होतील हे सांगायला नको. हिंदीवरून भाषांतर करत असाल तर टखना म्हणजे घोटा आणि घुटना म्हणजे गुडघा हे आधी मनाशी पक्कं करा, आणि मजकूर पूर्ण झाल्यावर नुसता हा एक शब्द शोधून सगळीकडे पुन्हा बघा. सोबत पायाचं साधं चित्र आणि त्यावर बाण असेल तर उत्तम.

गुल्फ

गुल्फला मान आहे, इतिहास आहे, आणि मला तो शब्द आवडतो. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात 107 मर्मं, म्हणजे शरीरातल्या नाजूक जागा, सांगितली आहेत, त्यात गुल्फ हे मर्म येतं. पाऊल आणि जंघा यांच्या सांध्यावरचं, संधिमर्मांपैकी, दोन अंगुळं मापाचं, आणि इजा झाली तर वेदना, पावलाचा ताठरपणा किंवा लंगडेपणा देणारं. रुजाकर म्हणजे वेदना देणाऱ्या आठ मर्मांत दोन्ही पायांचे गुल्फ मोजले आहेत. हे वर्णन आजच्या घोट्याच्या दुखापतीशी किती जुळतं ते हाडांच्या डॉक्टरांनाही पटेल. आयुर्वेदाच्या विद्यार्थ्यांसाठी लिहिताना, मर्मचिकित्सेच्या संदर्भात, गुल्फ काढून घोटा घालणं चुकीचं होईल. तिथे तो संज्ञा म्हणून आला आहे आणि संज्ञेला हात लावू नये.

पण त्याच वर्णनात मराठी वाचकासाठी एक फसवी जागा आहे. संस्कृतातली जंघा म्हणजे गुडघ्याखालचा पाय. मराठीतली जांघ कुठे असते ते आपल्याला माहीत आहे. 'पाद आणि जंघा यांचा सांधा' असं जसंच्या तसं उचललं तर साधा वाचक भलतीकडेच जाईल. आयुर्वेदाच्या पुस्तिकेतही पहिल्यांदा गुल्फ आला की 'घोट्याचा सांधा' असं शेजारी लिहावं.

गुल्फ सांध्याचा की उंचवट्याचा हा प्रश्न संस्कृतातही आहेच. सुश्रुत तो सांध्याच्या जागी वापरतो, तर अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात पायाच्या त्या दोन गाठींची नावं म्हणून घुटिका आणि गुल्फ शेजारी-शेजारी आहेत. पारिभाषिक मराठीत आणखी एक फाटा फुटतो: गुल्फसंधी म्हणजे घोट्याचा सांधा, पण गुल्फास्थी म्हणजे पावलाच्या मागच्या अर्ध्यातली सात हाडं, ज्यांत टाचेचं हाडही आलं. म्हणजे 'गुल्फास्थीचा अस्थिभंग' वाचून एखाद्याला वाटेल घोटा मोडला, आणि मोडलेली असेल टाच. विज्ञानाच्या पाठ्यपुस्तकात, जिथे सातही हाडांची आकृती समोर आहे, तिथे गुल्फास्थी चालतो. रुग्णाच्या कागदावर चालत नाही.

योगाच्या वर्गाचं वेगळं आहे. हठयोगप्रदीपिका या जुन्या योगग्रंथात सिंहासन आणि भद्रासनाच्या वर्णनात गुल्फ येतो, आणि भाषांतरात त्याची पुष्कळदा टाच होते. टाचेला संस्कृतात पार्ष्णी हा स्वतंत्र शब्द आहे, तरीही. बसताना शरीराचा भार घोट्यावर येतो की टाचेवर याने गुडघ्यावरचा ताण बदलतो, म्हणून शिक्षकांनी टिपणात 'गुल्फ' एवढंच लिहून मोकळं होऊ नये. मूळ श्लोकातला शब्द गुल्फ आणि शिकवताना आपण पायाची कोणती जागा कुठे टेकवायला सांगतो, हे दोन्ही लिहावं.

अँकल

शहरात अँकल सगळ्यांना कळतो असं मानणं सोपं आहे. कबड्डीच्या समालोचनामुळे अँकल होल्ड गावागावांत पोचला हेही खरं, आणि तिथे तो शोभतो; त्याला बदलायच्या भानगडीत कोणी पडू नये. औषधाच्या दुकानात अँकल बाइंडर किंवा अँकल सपोर्ट हेच मागावं लागतं. 'घोट्याचा पट्टा' म्हणालात तर दुकानदार विचारेल, कोणता? म्हणून वस्तूचं नाव म्हणून अँकल राहू द्यावा: 'घोट्याला अँकल बाइंडर बांधा' हे वाक्य मिश्र आहे पण त्याने काम होतं. पायाच्या रक्तवाहिन्या तुंबल्या आहेत का हे पाहण्यासाठी घोट्यापाशी आणि दंडावर रक्तदाब मोजून भागाकार करतात, ती तपासणी रिपोर्टवर अँकल ब्रेकियल इंडेक्स या नावानेच येते. 0.9 पेक्षा कमी आकडा आला तर रक्तवाहिनी अरुंद झाल्याची शंका असते. तिथे तपासणीचं नाव तसंच ठेवून 'घोट्याचा आणि दंडाचा रक्तदाब' एवढं समजावून सांगावं.

शरीराचा भाग म्हणून मात्र अँकल नको. कारण अगदी साधं आहे. फोनवर टाइप करताना चंद्र सुटतो आणि 'अंकल' उरतो. 'अंकल सुजला आहे' असा संदेश घरच्या गटावर गेला तर गोंधळच. त्यातून अँकल, ॲंकल, एंकल असं जो तो आपापल्या परीने लिहितो, त्यामुळे मजकुरात शब्द शोधायचा म्हटलं तरी सापडत नाही. लिंगही ठरत नाही. कोणी 'अँकल दुखतोय' म्हणतं, कोणी 'दुखतंय'. घोट्याला यातला एकही त्रास नाही.

मॅलिओलस, टॅलस आणि रिपोर्टवरचे बाकीचे

हे डॉक्टरांचे शब्द, डॉक्टरांपाशीच राहावेत, एक अपवाद सोडून. रिपोर्ट रुग्णाच्या हातात असतो आणि तो त्यातला शब्द वाचून घाबरतो, तेव्हा तो शब्द पत्रकात यायलाच हवा. 'बाय-मॅलिओलर' म्हणजे दोन्ही घोटे मोडले, हे सांगणं सोपं. 'ट्राय-मॅलिओलर'ला लिहिणारे हटकून 'तिन्ही घोटे मोडले' असं लिहून जातात. तिसरा घोटा नसतोच. नडगीच्या हाडाची मागची खालची कड डॉक्टर तिसरा मॅलिओलस म्हणून मोजतात. ती बाहेरून दिसत नाही, बोटाने चाचपता येत नाही. म्हणून 'दोन्ही घोटे आणि नडगीच्या हाडाची मागची कड मोडली आहे' असं लांब पण खरं वाक्य लिहावं.

टॅलस तसाच ठेवून 'घोट्याच्या खोबणीतलं हाड' असं एकदा सांगावं. या हाडाला एकही स्नायू चिकटलेला नाही आणि त्याचा बराचसा पृष्ठभाग कूर्चेने (सांध्यातल्या गुळगुळीत थराने) झाकलेला असल्याने रक्त आत शिरायला जागा थोडी. त्यामुळे त्याचं मोडणं भरून यायला वेळ लागतो आणि डॉक्टर महिनोन्महिने भार टाकू नका म्हणतात. हे कारण सांगितलं तर रुग्ण ऐकतो.

मधुमेहींच्या पायाच्या पत्रकात आतला घोटा पुन्हा कामाला येतो. पावलाचा रक्तपुरवठा तपासण्यासाठी एक नाडी आतल्या घोट्याच्या मागेच, टाचेच्या बाजूला लागते. आरोग्यसेविकांच्या पुस्तिकेत 'घोट्याजवळची नाडी' असं लिहिलं तर शिकणारी बाहेरच्या बाजूला चाचपत बसेल आणि नाडी नाही अशी नोंद करेल. 'आतल्या घोट्याच्या मागे, दोन बोटं हलकी टेकवा' एवढं लिहिलं की नाडी सापडते. सुजेचंही तेच: हृदयाच्या किंवा मूत्रपिंडाच्या रुग्णाला 'पायावर सूज आहे का' विचारण्यापेक्षा 'आतल्या घोट्याच्या वर अंगठ्याने काही सेकंद दाबा, खळगा राहतो का बघा' असं सांगावं.

संमतिपत्रात मात्र कुठलाही शब्द एकटा ठेवू नये. तिथे 'उजव्या पायाचा बाहेरचा घोटा' असं पूर्ण मराठीत आणि त्याखाली डॉक्टरांची लॅटरल मॅलिओलस ही संज्ञा देवनागरीत, दोन्ही हवीत. सही करणाऱ्याला वरची ओळ कळते, ऑपरेशन थिएटरमध्ये खालची ओळ तपासली जाते, आणि दोन्ही ओळी एकाच हाडाबद्दल बोलतात की नाही हे छापण्याआधी एखाद्या डॉक्टरांनी बघितलेलं असावं.