मेनिअर "कायमचा बरा" करणाऱ्यांपासून सांभाळा

घरात कोणाला मेनिअर (आतल्या कानाचा, चक्करचे अटॅक आणणारा आजार) असेल, किंवा चक्कर, एका कानाला कमी ऐकू येणं, कानाला दडे बसणं, आत सतत घूं आवाज असं काही चालू असेल तर हे वाचा.

आमच्या दादाला (मोठा भाऊ, कोल्हापूरला असतो) हा आजार निघाला. अटॅक आला की सगळं घर गरगर फिरतं, उलट्या, भिंत धरूनही उभं राहता येत नाही, दोन-तीन तास हाच खेळ आणि मग माणूस गळून झोपतो. ईएनटीच्या डॉक्टरांनी ऑडिओमेट्री (ऐकण्याची तपासणी) करून सरळ सांगितलं होतं, आतल्या कानातला द्रव वाढतो, मुळापासून बरं करणारं औषध नाही, मीठ कमी करा, बीटाहिस्टीनच्या गोळ्या चालू ठेवा, नाहीच आटोक्यात आलं तर कानाच्या पडद्यातून इंजेक्शन देता येतं, बघू. आता "बघू" म्हणणारा डॉक्टर कोणाला आवडतो! वहिनीने मोबाईलवर आजाराचं नाव टाकून शोधलं आणि लगेच फेसबुकवर जाहिराती सुरू, ९० दिवसांत चक्कर आणि बहिरेपणा मुळासकट गायब.

नंबर टाकला की लगेच कॉल. "काकू, टेन्शन घेऊ नका, काका एकदम ठणठणीत होणार." कोर्स १८,५०० चा, त्यात गोळ्या, चूर्ण आणि कानात घालायचं तेल. इंग्लिश गोळ्या बंद करा म्हणे, त्याने कानाची नस सुकते.

आणि खरंच, नंतर बरेच आठवडे एकही अटॅक नाही. गोम इथेच आहे. मेनिअरचे अटॅक झुंडीने येतात आणि मग आपले आपण थांबतात, कधी काही आठवडे, कधी कित्येक महिने. माणूस औषध शोधायला लागतो तेच मुळी कहर चालू असताना, म्हणजे पुढे उतार पडायचाच असतो, त्या काळात साखरफुटाणे दिले तरी गुण आला असंच वाटणार. हे त्या लोकांना पक्कं माहितीये. वहिनीने खुशीत पुढचा कोर्स घेतला, वर त्यांनी मागितला म्हणून व्हिडिओवर रिव्ह्यू पण दिला.

मग त्यांनी व्हॉट्सॲपवर लिंक पाठवून "हिअरिंग टेस्ट" घेतली, साधे इअरफोन लावून, पंखा चालू असलेल्या खोलीत. रिपोर्ट काय तर ऐकणं ८० टक्के सुधारलं! इकडे दादा उजव्या कानाला फोन लावला की काही कळत नाही म्हणतोय. मी दोन्ही कागद शेजारी ठेवले. दवाखान्याच्या चार्टवर उजव्या कानाचे लाल गोल, डाव्याच्या निळ्या फुल्या, सुरुवात २५० हर्ट्झपासून. यांचा ग्राफ सुरूच होतो १००० ला. मेनिअरमध्ये बहुतेक वेळा आधी खालचे, जाड आवाज जातात, २५०-५०० वाले. म्हणजे जिथे कान गेलाय तेवढंच सोडून बाकीचं तपासलं.

तेलाचं तर काय बोलायचं, पडदा शाबूत असताना कानात घातलेलं तेल पडद्याच्या बाहेरच राहतं, आतल्या कानाशी त्याचा काही संबंध नाही. आणि गोळ्यांच्या डबीवर मुंगीएवढ्या अक्षरात "नॉट फॉर मेडिसिनल यूज". औषध म्हणून विकली ती वस्तू कागदोपत्री फूड सप्लिमेंट! (आयुर्वेदावर राग नाही माझा, वैद्य नाडी तरी बघतो, यांनी दादाला पाहिलं पण नाही.)

पुढे दादाला बाथरूममध्ये जोराचा अटॅक आला, पडला, कपाळाला टाके पडले. फोन केला तर म्हणे शरीरातली घाण बाहेर पडतेय, आता ॲडव्हान्स कोर्स लागेल, ३२,००० चा. रिफंड मागितल्यावर नंबर ब्लॉक. सध्या ईएनटीकडे परत ट्रीटमेंट चालू आहे.

१९१५ या ग्राहक हेल्पलाईनवर तक्रार केलीये. १९५४ चा ड्रग्ज अँड मॅजिक रेमेडीज कायदा आहे, त्याच्या यादीत बहिरेपणा नाव घेऊन दिलाय, तो बरा करतो अशी जाहिरात करणंच गुन्हा आहे, त्यामुळे एफडीएकडेही (अन्न व औषध प्रशासन) अर्ज दिलाय. तुमच्याबाबतीत असं झालं तर जाहिरातीचा स्क्रीनशॉट, डबीचा फोटो, पेमेंटची पावती पहिल्यांदा जपून ठेवा, आम्ही अर्ज लिहायला बसेपर्यंत ती जाहिरात उडाली होती. वहिनीचा रिव्ह्यू मात्र आता दुसऱ्याच नावाच्या जाहिरातीत फिरतोय, तो कसा काढायचा कोणाला माहीत असेल तर सांगा.