18 हजारांचा टॅब आणि फुकटचं सिम्युलेशन

मी सोलापुरात वायरमन आहे. 22 वर्षं यंत्रमागाच्या मोटारी, स्टार्टर, पॅनेल हेच काम. अक्कलकोट रोड एमआयडीसीत एखाद्या शेडमध्ये फेज गेला की फोन मला येतो. मोठेपणा म्हणून सांगत नाही. ज्या विषयावर पोट भरतो, त्याच विषयात फसलो, म्हणून सांगतोय.

जूनमध्ये मुलगी नववीत गेली. शाळेबाहेर एकाने फॉर्म भरून घेतला आणि रविवारी सात रस्त्याजवळच्या एका हॉलमध्ये 'मोफत मार्गदर्शना'ला बोलावलं. टाय लावलेला पोरगा, मोठा पडदा. त्याने पडद्यावर वायरी जोडल्या, बल्ब पेटवला, मग बॅटरीची दोन्ही टोकं थेट एकमेकांना जोडली. बॅटरीतून ज्वाळा! शॉर्ट सर्किट म्हणजे काय हे मला बायकोला इतक्या वर्षांत समजावता आलं नव्हतं, ते तिला दहा सेकंदांत कळलं. मी तिथंच विरघळलो.

अभ्यासाच्या टॅबची किंमत 36,000, 'आज नाव नोंदवलं तर' 18,000. दोन हजार रोख, बाकीचे 1,600 च्या दहा हप्त्यांत. "काका, फक्त ओटीपी सांगा, स्कॉलरशिपचं व्हेरिफिकेशन आहे." तो ओटीपी कर्जाचा होता. कर्ज भलत्याच फायनान्स कंपनीचं आहे, हे पहिला हप्ता कापल्याचा मेसेज आल्यावर कळलं. 'माल समाधानकारक मिळाला' या कागदावर सही तर टॅब हातात येण्याआधीच घेतलेली.

टॅबमध्ये दोन भाग. एक 'लॅब', म्हणजे हॉलमध्ये दाखवलेली सिम्युलेशन्स, पडद्यावर स्वतः जोडून बघायचे प्रयोग. दुसरा 'लेक्चर', म्हणजे ॲनिमेशनचे व्हिडिओ. त्यातल्या एकात बल्बपर्यंत लाल ठिपक्यांची गर्दी आणि बल्बच्या पुढे निम्मेच ठिपके. मागून आवाज, 'बल्ब करंट वापरतो'. पोरीने चाचणीत तेच लिहिलं, एकसर, म्हणजे एकामागोमाग एक जोडणीत दुसऱ्या बल्बला धारा, म्हणजे करंट, कमी मिळते. मार्क गेले. संध्याकाळी टॅब घेऊन माझ्यापुढे बसली. "पप्पा, याच टॅबच्या लॅबमध्ये निळे गोळे बल्बच्या दोन्ही बाजूंना सारख्याच वेगाने पळतात. मग खरं कुठलं?"

मी टाँग टेस्टर काढला, वायरीभोवती चिमटा लावून करंट मोजायचा मीटर. 1000 वॅटची इस्त्री लावली आणि फेजची वायर एकटी पकडली, 4.3 अँपिअर. न्यूट्रल पकडली, 4.3. इस्त्री काय, बल्ब काय, खर्च होते ती ऊर्जा. करंट जेवढा जातो तेवढाच परत येतो. परत येताना कमी भरला तर कुठेतरी लीकेज आहे, आणि तो फरक ओळखूनच आरसीसीबी, म्हणजे शॉकपासून वाचवणारा स्विच, ट्रिप होतो. हे माझं रोजचं काम. तरी ते ॲनिमेशन मी तिच्या शेजारी बसून दोनदा पाहिलं होतं आणि 'पुस्तकात वेगळं असेल' म्हणून गप्प बसलो होतो. इतकं चकचकीत होतं ते, माझाच मीटर मला खोटा वाटला.

दुसऱ्या दिवशी शाळेतल्या सरांनी टॅब पाहिला आणि काही न बोलता स्वतःच्या मोबाइलवर तेच सिम्युलेशन उघडलं. त्याच ज्वाळा. ते 'फेट'चं आहे. अमेरिकेतल्या कोलोरॅडो विद्यापीठाचा हा प्रकल्प नोबेल विजेते भौतिकशास्त्रज्ञ कार्ल वायमन यांनी 2002 मध्ये सुरू केला. वापरायला फुकट, आणि मराठीतसुद्धा. टॅबवर त्याच्या नावाचा कोपरा काळ्या पट्टीने झाकलेला होता. सर म्हणाले, पुढे डिप्लोमाला गेली की ट्रान्झिस्टर, कपॅसिटरसाठी पॉल फाल्स्टॅडचं सर्किट सिम्युलेटर आहे, ब्राउझरमध्ये उघडतं, तेही फुकट. म्हणजे टॅबमधलं जे बरोबर होतं ते फुकटचं, आणि टॅबवाल्यांनी स्वतः बनवलेलं होतं ते चुकीचं. माझे 18 हजार त्या चुकीच्या भागाचे.

ऑफिसला गेलो तर उत्तर ठरलेलं, 'लायसन्स सुरू झालं की रिफंड नाही'. महिन्याभराने शटरच बंद. फायनान्स कंपनी म्हणते, तुमचं आणि विक्रेत्याचं तुम्ही बघा, हप्ता चुकला तर सिबिल खराब होईल. 1915 या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली, आता जिल्हा ग्राहक आयोगात अर्ज केलाय. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तिथं फी लागत नाही आणि अर्ज ऑनलाइन करता येतो. माझं अडतंय ते त्या सहीच्या कागदावर. तेव्हा माल उघडून बघेपर्यंत सही करू नका, ओटीपीचा मेसेज सांगण्याआधी पूर्ण वाचा, आणि कुणी सिम्युलेशन दाखवलं तर तिथंच विचारा, हे मूळ कुणाचं? नाव सांगायला कचरला तर उठून या, चहा बाहेर प्या.

तीन हप्ते गेलेत, सात बाकी आहेत. काल टॅबवर मेसेज आला, 'लायसन्स संपत आहे, नूतनीकरण फक्त 3,999 रुपये'.