बांधाला बांध, पण पहिला हक्क कोणाचा? एका कायदेशीर सल्लासेवेविषयी

शेजारची जमीन विक्रीला निघाली की ती घेण्याचा पहिला हक्क लगतदाराचा, असा समज आपल्याकडे पक्का रुजलेला आहे. आमच्या शेताला लागून असलेल्या अडीच एकर जिरायतीची विसार पावती दुसऱ्याच शेतकऱ्याच्या नावे झाल्याचे कळले, तेव्हा याच समजापोटी मी महसुली प्रकरणे पाहणाऱ्या एका वकिलांकडून लेखी अभिप्राय घेतला.

त्यांनी आधी सातबारा, आठ-अ, गटाचा नकाशा आणि जुने फेरफार मागवले, आणि सातबाऱ्यावरील ‘इतर हक्क’ या रकान्यावर बोट ठेवून तेथे ‘तुकडा’ असा शेरा आहे का, हे सर्वप्रथम पाहिले. तो नव्हता, आणि माझा प्रश्न बहुतांशी तेथेच निकालात निघाला. 1947 च्या तुकडेबंदी कायद्यातील कलम 7 प्रमाणे तुकडा म्हणून नोंदलेली जमीन विकायची तर ती लगतच्या धारकालाच विकावी लागते. मात्र हे विकणाऱ्यावरचे बंधन असून, प्रमाणभूत क्षेत्राहून, म्हणजे ज्याखालची जमीन तुकडा ठरते त्या मर्यादेहून, मोठ्या जमिनीला ते लागू होत नाही. 2023 च्या अधिसूचनेने बहुतेक जिल्ह्यांत हे क्षेत्र जिरायतीसाठी 20 गुंठे आणि बागायतीसाठी 10 गुंठे ठरले आहे, त्यामुळे अडीच एकरांच्या या सबंध गटाला हे बंधन लागण्याचे कारणच नव्हते.

अभिप्रायाचा सर्वांत उपयुक्त भाग म्हणजे ऐकीव माहितीची केलेली छाननी. पश्चिम बंगालच्या 1955 च्या कायद्यातील कलम 8 लगतच्या रयताला विक्रीत असा पहिला हक्क देते, पण त्यासाठी विक्रीची पूर्ण किंमत आणि वर 10 टक्के रक्कम भरावी लागते. महाराष्ट्रात त्याचा उपयोग नाही. केवळ शेजारीपणावर आधारलेला अग्रक्रयाधिकार, म्हणजे इतरांआधी विकत घेण्याचा हक्क, सर्वोच्च न्यायालयाने 1962 मध्येच, भाऊराम विरुद्ध बैजनाथ या प्रकरणात, घटनाबाह्य ठरवला होता. विकणाऱ्याच्या भावाची गोष्ट वेगळी असू शकते: हिंदू उत्तराधिकार अधिनियमाचे कलम 22 वर्ग 1 च्या सहवारसांना, म्हणजे मृताची मुले-पत्नी अशा जवळच्या वारसांना, प्राधान्य देते आणि ते शेतजमिनीलाही लागू आहे, असे 2019 च्या निकालाने स्पष्ट झाले. येथे मात्र वाटप होऊन त्याचा फेरफार कधीच मंजूर झालेला असल्याने तीही वाट बंद होती.

दावा लावून खरेदी अडवून धरण्याचा माझा आग्रह वकिलांनी सरळ नाकारला, आणि अशिलाला न रुचणारे उत्तर देण्याची ही तयारी मला फीच्या मानाने मोठी वाटली. त्याऐवजी उरलेल्या एका शेजाऱ्याशी, तो राजी असेल तर, ‘विकायची झाल्यास आधी आम्हाला विचारावे’ असा नोंदणीकृत करार करण्याचा मार्ग त्यांनी सुचवला. करारातून आलेला असा हक्क कायद्याला मान्य आहे.

उणिवाही आहेत. लेखी अभिप्रायाची फी तोंडी सल्ल्याहून वेगळी आहे, हे कागद हाती आल्यावरच समजले. भाषाही इतकी कोर्टकचेरीची आहे की घरातील वडीलधाऱ्यांना ती समजावून सांगावी लागली. शिवाय वहिवाटीच्या रस्त्याचा प्रश्न, जो नवा खरेदीदार आल्यावर आमच्यापुढे खरोखर उभा राहणार आहे, त्यांनी एका ओळीत उरकला. त्यासाठी तहसीलदारांपुढे मामलेदार न्यायालय अधिनियमाखाली अर्ज कसा करायचा, हे वेगळे विचारावे लागले.